मार्ग कॉम्प्युटर देतो, तेल मात्र वेळेत वाचतं

एका बल्क कॅरियरवर (सुटा माल नेणाऱ्या जहाजावर) सेकंड मेट, म्हणजे मार्ग आखणारा अधिकारी, असलेल्या तरुणाने विचारलं आहे: "कंपनीने मार्ग सुचवणारं नवं सॉफ्टवेअर घेतलंय. रोज सकाळी ऑफिसकडून नवा मार्ग, नवा वेग आणि 'एवढे टन तेल वाचेल' असा आकडा येतो. कॅप्टन म्हणतात, किनाऱ्यावर बसून जहाज चालत नसतं, आणि आपलाच मार्ग ठेवतात. मग ऑफिसची मेल येते, मार्ग का पाळला नाही? उत्तर लिहायला मी. हे सगळं डिजिटल प्रकरण खरंच पर्यावरणाच्या कामाचं आहे की नुसता कागदी हरितपणा? आणि मी ऐकायचं कुणाचं?"

शेवटच्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो, कारण ते सोपं आहे. कॅप्टनचं. समुद्रावरच्या सुरक्षिततेच्या सोलास या आंतरराष्ट्रीय कराराच्या पाचव्या प्रकरणातला नियम ३४-१ स्वच्छ सांगतो की माणसांचा जीव आणि सागरी पर्यावरण यांच्या रक्षणासाठी कॅप्टनला जो निर्णय गरजेचा वाटेल, त्याच्या आड मालक, चार्टरर (जहाज भाड्याने घेणारा) किंवा जहाज चालवणारी कंपनी यांपैकी कुणीही येता कामा नये. सॉफ्टवेअर त्या यादीत नाही, पण ते वापरून मेल पाठवणारा माणूस नक्की आहे. मात्र कॅप्टन काय ठरवतात हे तुम्ही त्यांच्यासमोर काय मांडता यावर बरंच ठरतं, आणि तुमचं काम तिथेच सुरू होतं.

एक कबुलीही देऊन टाकतो. बावीस वर्षं समुद्रावर काढली, त्यातली शेवटची काही कॅप्टन म्हणून, आणि आता मी ऑफिसात बसून तेच रोजचे मार्ग जहाजांना पाठवतो. म्हणजे तुम्हाला ज्यांचा राग येतो त्यांच्याच पंगतीतला मी. शिव्या दोन्ही बाजूंनी दिल्या आहेत आणि दोन्ही बाजूंनी खाल्ल्याही आहेत.

तुमच्या भांडणात तीन गोष्टींचा गुंता झालाय: कुठून जायचं, किती वेगाने जायचं आणि कधी पोहोचायचं. सॉफ्टवेअर तिन्हींची मोट बांधून एकच आकडा दाखवतं. तो बघून कॅप्टन म्हणतात "थापा आहेत", ऑफिस म्हणतं "झालंच पाहिजे". तिन्ही धागे सुटे केले की दोघंही थोडे थोडे बरोबर निघतात.

आधी मार्ग. निव्वळ मार्ग बदलून काय साधेल हे प्रवासावर अवलंबून आहे. हिवाळ्यात उत्तर प्रशांत महासागर ओलांडत असाल तर एकामागून एक वादळं येत असतात, आणि त्यांच्या कोणत्या बाजूने जायचं यावर दिवसच्या दिवस इकडचे तिकडे होतात. तिथे चांगला हवामान-मार्ग सोन्याच्या तोलाचा. दक्षिण आफ्रिकेच्या किनाऱ्याने वाहणारा अगुल्हास प्रवाह काही ठिकाणी ४ नॉटच्याही (ताशी ४ सागरी मैलांच्याही) पुढे जातो. नैर्ऋत्येकडे चालला असाल तर ही फुकटची ढकल, उलट येत असाल तर त्यातून बाहेर राहायचं. तांबड्या समुद्रातल्या हल्ल्यांमुळे २०२३ च्या अखेरीपासून असंख्य जहाजं केपला वळसा घालू लागली, त्यामुळे हा प्रवाह आता पुष्कळांना तोंडपाठ झालाय. पण याच प्रवाहावर समोरून नैर्ऋत्येची मोठी लाट आली की पाणी आणि लाट एकमेकांना भिडतात आणि खंडाच्या उथळ पट्टीच्या कडेबाहेर राक्षसी लाटा उभ्या राहतात. जुना सल्ला असा की अशा वेळी प्रवाहाचा लोभ सोडा आणि २०० मीटर खोलीच्या रेषेच्या आत किनाऱ्याकडे या. तेल वाचवणारा मार्ग आणि जहाज वाचवणारा मार्ग त्या दिवशी वेगळे असतात.

आणि शांत पाण्यातला दोन-तीन दिवसांचा प्रवास असेल तर मार्गाने जवळजवळ काहीच वाचत नाही. तिथे रोज सकाळी नवा मार्ग पाठवणं म्हणजे सेकंड मेटला उगाच कामाला लावणं. हे मी माझ्याच टेबलावर बसून म्हणतोय.

आता वेग. इथे खरा माल आहे. इंजिनाला लागणारी ताकद ढोबळमानाने वेगाच्या घनाच्या प्रमाणात वाढते. म्हणजे रोजचं तेल वेगाच्या घनाने, आणि ठरावीक अंतरासाठीचं तेल वेगाच्या वर्गाने. कागद घ्या. ४,००० सागरी मैलांचा प्रवास, १३ नॉटला जहाज रोज ३० टन खातं असं धरा. १३ नॉटने तुम्ही १२.८ दिवसांत पोहोचता आणि ३८५ टन जाळता. १२ नॉटने १३.९ दिवस लागतात, पण रोजचा खर्च २३.६ टनांवर येतो आणि एकूण ३२८ टन. एक नॉट कमी केला आणि ५७ टन वाचले, जवळजवळ १५ टक्के. जड तेलाच्या प्रत्येक टनामागे ३.११४ टन कार्बन डायऑक्साइड धरतात, म्हणजे सुमारे १७७ टन वायू एका प्रवासात कमी. मार्गाचे कितीही नकाशे रंगवा, सहसा इतकं हाती लागत नाही.

या गणिताला मर्यादा आहेत, त्याही सांगतो, नाहीतर तुमचे चीफ इंजिनियर माझ्या नावाने खडे फोडतील. फार खाली गेलात की मुख्य इंजिन कमी भारावर चालतं, एक्झॉस्टच्या वाटेवर काजळी साचते, सिलिंडरमध्ये गंजण्याचा त्रास सुरू होतो, ऑक्झिलरी ब्लोअर (इंजिनाला हवा पुरवणारा जोडपंखा) चालू-बंद होत राहतो. जनरेटर आणि बॉयलरचं तेल वेगावर अवलंबून नसतं. प्रवास लांबला की तेही लांबतं. आणि घनाचा नियम शांत पाण्यातला आहे; समोरून सात बोफर्टचा (बोफर्ट ही वाऱ्याच्या जोराची मोजपट्टी) वारा असेल तर वेगळाच हिशेब. म्हणून "किती वेग सर्वांत चांगला" याला एकच उत्तर नाही. तुमच्या जहाजाचं उत्तर चीफबरोबर बसून काढायचं असतं.

वेगाबद्दल एक बारीक गोष्ट, जी मी स्वतः सेकंड मेट असताना चुकत होतो. ईटीए (पोहोचण्याची अंदाजे वेळ) सांभाळायचा म्हणून मी जमिनीवरचा वेग स्थिर ठेवायचो. समोरून प्रवाह आला की आरपीएम (इंजिनाचे मिनिटाचे फेरे) वाढवा म्हणून इंजिन रूमला फोन, प्रवाह पाठीमागून आला की कमी करा. मला वाटायचं, काय नेमकं नौकानयन करतोय! एका जुन्या चीफने चहाच्या कपामागे दोन आकडे लिहून दाखवले. अर्धं अंतर १५ नॉटने आणि अर्धं ११ नॉटने कापलं, तर तेवढ्याच वेळात एकसारख्या वेगाने जाण्यापेक्षा सुमारे ७ टक्के तेल जास्त जळतं. आरपीएम एकसारखे ठेव, प्रवाह आपला आपण बरोबरी करतो, म्हणाला. त्यानंतर मी ईटीए दिवसातून एकदाच पाहू लागलो.

आता तिसरा धागा, वेळ. माझ्या मते तुमच्या प्रश्नाचं मर्म इथे आहे, आणि तुमच्या मेलांमध्ये त्याचाच उल्लेख नाही. वरच्या उदाहरणात १३ नॉटने गेलेलं जहाज एक दिवस आणि दोन तास आधी पोहोचलं. पोहोचून केलं काय? बंदराबाहेर नांगर टाकून बर्थची (धक्क्यावरच्या जागेची) वाट पाहिली. ५७ टन तेल जाळून आपण नांगरावर बसायचा एक दिवस विकत घेतला. जगभरातल्या अँकरेजमध्ये हे रोज चाललेलं असतं आणि जहाजावरचा कुणी मूर्ख आहे म्हणून नव्हे. चार्टर पार्टीत, म्हणजे जहाज भाड्याच्या करारात, लिहिलेलं असतं की जहाजाने शक्य तितक्या लवकर जायचं. पोहोचल्यावर नोटीस ऑफ रेडिनेस (जहाज तयार असल्याची सूचना) द्यायची, तिथून लेटाइम (माल चढवा-उतरवायला दिलेला वेळ) मोजायला सुरुवात. बंदरात आधी येईल त्याला आधी बर्थ, म्हणून रांगेत नंबर लावायला धावायचं. आणि जास्त थांबावं लागलं तर मालकाला डेमरेज (जादा वेळेची भरपाई) मिळतो. म्हणजे घाई करायला करार सांगतो आणि थांबल्याचे पैसेही करारच देतो. या सगळ्यात तुमचं सॉफ्टवेअर बिचारं काय करणार?

थांबण्याची किंमत फक्त तेलात नसते. जून २००७ मध्ये ऑस्ट्रेलियातल्या न्यूकॅसल या कोळशाच्या बंदराबाहेर पन्नासाहून जास्त जहाजं नांगर टाकून रांगेत उभी होती. वादळ आलं, आणि पाशा बल्कर नावाचं जहाज थेट समुद्रकिनाऱ्यावर जाऊन बसलं. पुढे त्या बंदरात येणाऱ्या जहाजांची पाळी आधीच ठरवायची पद्धत आणली गेली, म्हणजे बाहेर येऊन नांगर टाकला तरच नंबर लागतो ही सक्ती संपली. जहाज दूरवरूनच सावकाश यायला मोकळं. हे घडलं ते कुठल्या नव्या यंत्रामुळे नव्हे, रांगेचा नियम बदलल्यामुळे. यंत्राने तो नियम पाळणं सोपं केलं, इतकंच.

याला जस्ट-इन-टाइम आगमन म्हणतात. बंदर सांगतं, अमुक वाजता बर्थ मोकळा होईल. जहाज त्या हिशेबाने वेग धरतं. बिमको या जहाजधंद्याच्या आंतरराष्ट्रीय संघटनेने व्हॉयेज चार्टरसाठी (एका प्रवासाच्या भाडेकरारासाठी) २०२१ मध्ये असं कलमही तयार केलं, ज्यात वेग कमी केला तर 'शक्य तितक्या लवकर' ही अट मोडली असं धरत नाहीत. कलम तयार असणं आणि ते तुमच्या करारात असणं यात फरक आहे. तुमच्या प्रवासाच्या करारात ते आहे का, हे कॅप्टनना विचारा. नसेल, तर ऑफिसने सुचवलेला कमी वेग पाळून उशीर झाल्यावर चार्टरर भांडायला उठला तर ती जबाबदारी कुणाची, हे ऑफिसकडून लेखी मागवा. कॅप्टनचा विरोध पुष्कळदा इथून आलेला असतो. ते "समुद्र मला कळतो" म्हणतात, पण मनात क्लेमची भीती असते. मला तरी होती.

कागदी हरितपणाचा मुद्दा आता घेऊ, कारण नियमांमुळेच हे सॉफ्टवेअर तुमच्या ब्रिजवर आलंय. आयएमओने (संयुक्त राष्ट्रांच्या सागरी संघटनेने) जुलै २०२३ मध्ये ठरवलं की २०५० च्या आसपास जहाजांचं निव्वळ उत्सर्जन शून्यावर आणायचं. १ जानेवारी २०२३ पासून ५,००० ग्रॉस टनेजच्या वरच्या जहाजांना दरवर्षी ए ते ई अशी सीआयआय (कार्बन तीव्रतेची) श्रेणी मिळते. सलग तीन वर्षं डी किंवा एक वर्ष ई आली की सुधारणेची योजना लिहून द्यावी लागते, आणि पट्टी दरवर्षी वर सरकते: २०१९ च्या तुलनेत २०२३ ला ५ टक्के, २०२६ ला ११ टक्के. युरोपचं वेगळं. तिथे २०२४ पासून उत्सर्जनाचे परवाने विकत घ्यावे लागतात. २०२४ च्या ४० टक्के, २०२५ च्या ७० टक्के आणि २०२६ पासून सगळ्या उत्सर्जनावर. युरोपात येणाऱ्या किंवा तिथून निघणाऱ्या प्रवासाचं निम्मं उत्सर्जन त्यात मोजतात.

सीआयआयच्या गणितात एक गंमत आहे. तुमच्या प्रकारच्या जहाजासाठी वर्षभरातला कार्बन डायऑक्साइड भागिले (डेडवेट गुणिले कापलेलं अंतर), असा तो हिशेब; डेडवेट म्हणजे जहाज पेलू शकतं ते एकूण वजन. जहाजात माल होता की ते रिकामं धावलं, याला त्यात जागाच नाही. दहा दिवस नांगरावर थांबलात आणि जनरेटरने रोज ३ टन खाल्ले, तर ९० टनांच्या वर वायू वर गेला आणि अंतर शून्य. श्रेणी घसरली, आणि दोष बंदरातल्या गर्दीचा. उलट रिकामं जहाज लांबच्या प्रवासाला सावकाश सोडा, श्रेणी सुधारते. तेव्हा कागदी हरितपणा हा शब्द तुम्ही वापरलात तो अगदीच चुकीचा नाही. पण आकडा वाकडा आहे म्हणून वाचलेले ५७ टन खोटे ठरत नाहीत. युरोपच्या परवान्यांचं बिल तर प्रत्यक्ष जळलेल्या तेलावरच येतं.

आता तुमच्या हातातली गोष्ट, माहिती. इथे जहाजाचा दोष मी स्पष्ट सांगणार आहे. सॉफ्टवेअर तुमच्या जहाजाचं एक चित्र तयार करतं: या ड्राफ्टला (जहाज पाण्यात जेवढं बुडतं तेवढ्याला), या वाऱ्यात, एवढ्या आरपीएमला एवढा वेग आणि एवढं तेल. ते चित्र काढायला त्याच्याकडे तुमचे नून रिपोर्ट (रोज दुपारी पाठवायचे अहवाल) असतात. आणि नून रिपोर्टमध्ये काय असतं हे आपण दोघंही जाणतो. चार्टर पार्टीत वेगाची हमी साधारणपणे बोफर्ट ४ पर्यंतच्या हवेला असते, म्हणून कागदावर समुद्र कायम बोफर्ट ५. बाहेर आरसा असला तरी लॉगमध्ये लाटा. चीफकडे 'खिशातलं तेल' असतं: रोज थोडं जास्त जळल्याचं लिहायचं, अडीअडचणीला शिल्लक राहावं म्हणून. मी कॅप्टन असताना हे चालवून घेतलंय, त्यामुळे सोवळेपणा करत नाही. पण ऑफिसात आल्यावर पहिल्याच महिन्यात दोन सारखी, एकाच यार्डात बांधलेली जहाजं माझ्यासमोर आली आणि त्यातलं एक रोज दोन टन जास्त खात होतं. आम्ही म्हटलं, हलवर (जहाजाच्या बाहेरच्या अंगावर) शेवाळ आणि शिंपले चढले असणार. डायव्हर लावले, तर बुड स्वच्छ! दोन टन चीफच्या खिशात होते. चूक त्याची कमी, जहाजावर टाकी जरा कमी भरली की जाब विचारणाऱ्या आमची जास्त.

दुसरा गुन्हेगार स्पीड लॉग, म्हणजे पाण्यातला वेग मोजणारं यंत्र. प्रवाह किती आणि बुड किती घाण हे ओळखायला सॉफ्टवेअरला पाण्यातला वेग लागतो. तुमचा डॉप्लर लॉग अर्धा नॉट चुकत असेल तर १२.५ नॉटला ती ४ टक्क्यांची चूक, आणि घनाच्या हिशेबाने ताकदीच्या अंदाजात ती १२ टक्क्यांची होते. म्हणजे जेवढी बचत दाखवायची तेवढीच चूक पोटात घेऊन हिशेब सुरू. जिथे प्रवाह नाही अशा ठिकाणी, किंवा उलटसुलट दोन्ही दिशांना धावून, लॉग तपासा. मागच्या वेळी तो कधी तपासला हे ब्रिजवर कुणालाच आठवत नसेल, तर तुमच्या तक्रारीचं निम्मं उत्तर तिथेच सापडलं.

बाकीच्या किरकोळ वाटणाऱ्या गोष्टी धावती नजर टाकून सोडतो. ऑटोपायलटची सेटिंग्ज शांत हवेत ढिली ठेवा. सुकाणू दर सेकंदाला हलत असेल तर तोही ब्रेकच. ट्रिम (जहाजाचा पुढे-मागे झुकाव) तपासा, मागे झुकलेलं जहाज नेहमीच चांगलं चालतं हा समज आहे. उष्ण पाण्यात तीन आठवडे नांगरावर पडलं असेल तर बुडाची पाहणी मागा. थांबण्याचा दंड असा पुढच्या प्रवासातही भरावा लागतो.

आता मार्ग मिळाल्यावर त्याचं करायचं काय. ऑफिसकडून येते ती फाइल एक्डिसवर (इलेक्ट्रॉनिक चार्ट दाखवणाऱ्या यंत्रावर) घेतली की पडद्यावर ती तुमच्या मार्गासारखीच दिसते, आणि धोका तिथे आहे. ती वेपॉइंटांची (मार्गावरच्या वळणबिंदूंची) माळ आहे, पॅसेज प्लॅन (तपासून पक्की केलेली प्रवासाची योजना) नव्हे. एकदा मला आलेल्या मार्गात एक सरळ लेग (दोन वेपॉइंटांमधला टप्पा) होती, मोठा भाग दाखवणाऱ्या नकाशावर निर्मळ निळी. एक्डिसची तपासणी चालवली, एकही अलार्म नाही. मग मी सवयीप्रमाणे सर्वांत तपशीलवार चार्टवर तीच लेग बोटाने सरकवत पाहिली. मध्येच तळाच्या मोजणीचा दर्जा बदलत होता: अलीकडे नीट मोजलेलं पाणी, पलीकडे खालचा दर्जा, खोलीच्या दोन आकड्यांमध्ये मैलोन् मैल काहीच नाही. सॉफ्टवेअरला ते खोल पाणी वाटलं. मला ते न मोजलेलं पाणी वाटलं. नऊ मैलांचा वळसा घेतला, कॅप्टनची सही घेतली, ऑफिसला कारण लिहिलं. कुणी ब्र काढला नाही.

एक्डिस तुमच्या आकड्यांवर चालतो हे विसरू नका. सप्टेंबर २०१३ मध्ये ओव्हिट नावाचा टँकर डोव्हरच्या सामुद्रधुनीत वार्न बँकवर चढला. मार्ग थेट बँकेवरून आखलेला होता, सेफ्टी कॉन्टूरचा (सुरक्षित खोलीच्या रेषेचा) आकडा चुकीचा होता आणि आवाज देणारा अलार्म वाजतच नव्हता. पडद्यावर सगळं ठीक दिसत होतं. तुम्ही सेफ्टी कॉन्टूर १३ मीटर भरला आणि चार्टमध्ये रेषा १० आणि २० चीच असेल, तर एक्डिस २० ची धरतो. मग उथळ किनाऱ्यांवर सगळं पाणी धोक्याचं दिसतं, अलार्म सतत वाजतो, आणि वैतागून कुणीतरी आकडाच खाली करतं. नव्या एस-१०० पद्धतीचे चार्ट याच दुखण्यावर आहेत. तळाची दाट मोजणी, पाण्याची पातळी, प्रवाह, कीलखालचं (जहाजाच्या तळाखालचं) अंतर हे सगळं वेगवेगळ्या थरांत एकाच पडद्यावर येऊ शकेल. असे एक्डिस १ जानेवारी २०२६ पासून बसवता येतात आणि १ जानेवारी २०२९ पासून नव्याने बसवले जाणारे तसेच असावे लागतील. यातून हरितपणा कसा येतो, तर खात्रीचं पाणी कळलं की तेवढ्याच जहाजात थोडा जास्त माल भरता येतो, आणि टनामागचं तेल कमी होतं.

उथळ पाण्यात वेग आणि सुरक्षितता एकाच बाजूला असतात. जहाज चालताना खाली बसतं ते मोकळ्या पाण्यात ढोबळमानाने ब्लॉक कोइफिशियंट (पाण्याखालच्या आकाराचा भरीवपणा) गुणिले नॉटमधल्या वेगाचा वर्ग भागिले १०० एवढे मीटर. तुमचं ०.८५ धरलं तर १२ नॉटला १.२ मीटर, ८ नॉटला अर्ध्या मीटरच्या जरा वर. अरुंद वाटेत याच्या दुप्पट. ऑफिसने पाठवलेला वेग ज्या लेगसाठी आहे तिथे तुमच्या कीलखाली काय उरतं, हा हिशेब सॉफ्टवेअरने केला असेलच असं नाही. तुम्ही करायचा.

हवामानाबद्दलही तसंच. मॉडेलला लाटेची उंची कळते, पण तुमचं जहाज आज कसं भरलंय हे त्याला किती कळतं ते विचारून घ्या. जीएम (जहाजाच्या स्थैर्याचं माप) किती, लोळण्याचा काळ किती, मागून येणारी लाट त्या काळाशी जुळते का? पाठीमागून येणारी लांब लाट कागदावर स्वस्त मार्ग दाखवते, कारण ती विरोध करत नाही. ब्रिजवर तीच जहाजाला एका बाजूला नेऊन तिथेच धरून ठेवते. या बाबतीत कॅप्टनच्या पोटातल्या गोळ्यावर माझा कुठल्याही आलेखापेक्षा जास्त विश्वास आहे.

आणि या सगळ्याखाली जीपीएस आहे. जून १९९५ मध्ये रॉयल मॅजेस्टी हे क्रूझ जहाज नॅन्टकेटजवळ वाळूवर चढलं, तेव्हा ते ठरल्या मार्गापासून १७ मैल भरकटलेलं होतं. अँटेनाची केबल सुटली होती, आणि यंत्र अंदाजाने जागा दाखवत राहिलं. आता केबल सुटायचीही गरज नाही. काळ्या समुद्रात २०१७ मध्ये जहाजांना आपली जागा जमिनीवरच्या विमानतळावर दिसली. अशा वेळी एआयएस (जहाजाची ओळख आणि जागा प्रसारित करणारी यंत्रणा), एक्डिस आणि ऑफिसचं सॉफ्टवेअर तिन्ही एकसुरात खोटं बोलतात, कारण तिघांचा स्रोत एकच. रडारचा पल्ला, बेअरिंग, खोली मोजणारं यंत्र, यांना कुणी फसवलेलं नसतं. ऑफिसला तुमचं जहाज मार्गावर दिसतंय म्हणून ते मार्गावर आहे असं नाही.

उद्या सकाळी मेल आली की असं करून पाहा. ऑफिसचा मार्ग आणि कॅप्टनचा मार्ग एक्डिसवर शेजारी ठेवा. फरक कुठल्या लेगमध्ये आहे ते शोधा. बहुतेक वेळा तो एक-दोन ठिकाणीच असतो. तिथे कारण सुरक्षिततेचं आहे की सवयीचं, हे कॅप्टनना आदराने पण सरळ विचारा. सवयीचं असेल तर मार्ग घ्यायला हरकत नसते, आणि चांगले कॅप्टन तेवढं मान्य करतात. मग उत्तर लिहा, पाच ओळींत: "मार्ग तपासला. वेपॉइंट ७ ते ९ बदलले, तळाची मोजणी अपुरी, अंतर ९ मैल जास्त. बाकी मार्ग मान्य. आरपीएम सुचवल्याप्रमाणे, हवा बिघडल्यास कॅप्टन बदलतील. बर्थची खात्रीची वेळ कळवावी, म्हणजे वेग आणखी कमी करता येईल का ते पाहता येईल."

शेवटची ओळ गाळू नका. माझ्यासारख्या माणसाला ती वाचून जाग येते, कारण बर्थची वेळ मिळवणं हे माझं काम आहे, तुमचं नाही. मला ती चार्टरिंगवाल्यांकडून, त्यांना एजंटकडून आणि एजंटला बंदराकडून मिळते, आणि या साखळीत दोन-तीन दिवस सहज जातात. म्हणून पोहोचायच्या आदल्या दिवशी विचारून उपयोग नाही. मागच्या बंदरातून बाहेर पडताना पायलट (बंदराचा वाटाड्या) उतरला की पहिल्याच मेलमध्ये विचारा.